एक फूग म्हणजे किती?

हडको कॉलनीत आप्पासाहेब गायक्यांच्या घरी जायचं तर जरा तयारीनं जावं. चहाचा पहिला घोट घ्यायच्या आत ते विचारणार, "तुमचं घड्याळ बरोबर आहे का?" आपण म्हणावं, "असंल की." मग झालंच! "असंल?" असं म्हणून ते आपल्याकडं इतक्या दुःखानं बघतात की घोट घशातच अडकतो.

माणूस तसा लई भला. देवगाव रंगारीचा. घरची बारा एकर भावाच्या ताब्यात देऊन हे वीज मंडळात चिकटले, आणि चिकटले ते थेट मीटर टेस्टिंग लॅबमध्ये. चौतीस वर्षं त्यांनी एकच काम केलं. मीटर खरं बोलतंय का खोटं, ते सांगायचं. लोकांच्या घरचं मीटर टेबलावर लावायचं, आधी शून्य बघायचं, मग भार टाकायचा, चकतीचे फेरे मोजायचे आणि फरक किती ते लिहून खाली सही ठोकायची. त्या सहीवर माणसं कोर्टात जिंकली आणि हरली. कुणी पेढे आणले, कुणी दम भरला, कुणी चक्क पाया पडलं. आप्पासाहेबांचा आकडा त्यानं दशांशाच्या घरातसुद्धा हलला नाही.

दोन वर्षांपूर्वी रिटायर झाले. नारळ, शाल आणि भिंतीवरचं एक घड्याळ मिळालं. घड्याळ दिवसाला चाळीस सेकंद मागं पडतं, हे ते आठच दिवसांत ऑफिसात जाऊन सांगून आले. तेव्हापासून सगळी विद्या घरावर आणि गावावर. भाजीवाल्याचा काटा, डॉक्टरांचं बीपीचं यंत्र, पिठाच्या गिरणीतला तराजू, काही म्हणून सुटत नाही. फर्दापूरला मेहुण्याच्या हॉटेलचं उद्घाटन होतं. पाहुणे फीत कापायची वाट बघतायत आणि हे मागच्या भिंतीपाशी उभे, "सगळी बटणं बंद आहेत, मग मीटरचा लाल दिवा लुकलुकतोय कसा? वीज कुठं जातीय?" मेहुण्यानं त्यानंतर दोन कार्यक्रम केले. बोलावणं आलं नाही.

आता अशा माणसाच्या पोटी तनुजा जन्माला आली, आणि ती काय करते? जादूच्या गोष्टी लिहिते! देवाला गंमत करायची हौस असते ती ही अशी.

तनुजा तेवीस वर्षांची. वाळूजच्या एका कंपनीत चांगली नोकरी होती. गेल्या दसऱ्याला तिनं ती सोडली आणि बापासमोर येऊन उभी राहिली. "आप्पा, मला एक वर्ष द्या. कादंबरी लिहायचीय." दुसरा बाप ओरडला असता. आप्पासाहेबांनी कागद घेतला. 'पुढील दसऱ्यापर्यंत पुस्तक कोणी छापावयास घेतल्यास ठीक, अन्यथा मुलगी विनातक्रार नोकरीवर जाईल.' खाली दोघांच्या सह्या, साक्षीदार म्हणून आईची. मनकर्णाबाईंनी सही केली आणि वर म्हणाल्या, "कोण म्हणंल हे बापलेक हायेत, वकिलाच्या दारातली पार्टी वाटते."

वर्षभर पोरगी राबली. चारशे बारा पानं झाली. मेघवन नावाचा देश, तिथं डोंगराच्या पोटात निळी विहीर, त्या विहिरीतून ओज नावाची शक्ती वर येते. ओज ज्याच्याकडं, तो आभाळात उडतो, डोंगर हलवतो, वीज पाडतो. कालजिव्ह नावाचा दुष्ट राक्षस, मृण्मयी नावाची धीट पोरगी, आणि विहिरीची राखण करणारे म्हातारे गुरु ऋतंभर. पुण्याच्या एका प्रकाशनाच्या संपादिका सुलेखाताई, त्यांनी ते सगळं वाचलं आणि दसऱ्याला एकवीस दिवस उरलेले असताना मेल पाठवला. 'भाषा सुंदर. माणसं जिवंत. पण जादूला धरबंद नाही. कुणीही कधीही काहीही करतं, मग वाचकानं घाबरायचं कशाला? शक्तीला काहीतरी माप हवं. दसऱ्याच्या आत जमलं तर कळवा, नाहीतर या वर्षीची आमची यादी भरली.'

तनुजानं मेल वाचला, जेवणाचं ताट तसंच सारलं आणि खोलीत जाऊन दार लावलं. आतून रडण्याचा आवाज यायला लागला तशा मनकर्णाबाई नवऱ्याकडं वळल्या.

"अख्ख्या जिल्ह्याची मीटरं तपासली तुम्ही. पोरीला एवढं एक माप काढून देता येत नाय?"

"अगं, जादूला कसलं माप? ती खोटी असते."

"खोटी असू द्या नायतर खरी. रडतीय ती खरी हाय ना?"

कागदावर सही घेतली तेव्हापासून आप्पासाहेबांच्या मनाला एक टोचणी होतीच. पोरीला नोकरीवर पाठवायचं आणि ती हसत जाणार नाही, हे चित्र त्यांना बघवत नव्हतं. त्यांनी दारावर टकटक केली, चारशे बारा पानांचा गठ्ठा मागून घेतला आणि पट्टी, लाल पेन, आखीव रजिस्टर घेऊन वाचायला बसले. आयुष्यात वाचलेली पहिली कादंबरी. रोज वर्तमानपत्रसुद्धा हवामान आणि सूर्योदय तपासायलाच उघडायचे.

दुसऱ्या दिवशी सकाळी तनुजाला समोर बसवलं.

"विहिरीतून ओज येतं म्हणतेस. मोजतं कोण?"

"मोजत नाहीत आप्पा. ते जाणवतं."

"शॉक पण जाणवतो. तरी मीटर लावतोच ना आपण? बरं, ही मृण्मयी डोंगर हलवते. कुठला? दौलताबादेएवढा, का गोगाबाबा टेकडीएवढा?"

"डोंगर आहे, आप्पा! नुसता डोंगर!"

"आणि हा कालजिव्ह. रात्रभर राजवाड्यावर तरंगत बसला. रात्रभर! सलग भार! वायर वितळंल त्याची."

"त्याला वायर नाहीये."

"तेच म्हणतोय मी. सगळी कनेक्शनं अनधिकृत आहेत तुझ्या राज्यात."

तनुजानं कपाळावर हात मारला. पण मापाचा मुद्दा तिलाही टाळता येईना, सुलेखाताईंनीच तो लिहून पाठवला होता. आप्पासाहेब म्हणाले, माप असं पाहिजे की मेघवनातल्या कुठल्याही बाईमाणसाला घरी करून बघता आलं पाहिजे. डोंगर चालणार नाही, डोंगर लहानमोठे असतात. वीज चालणार नाही, वीज कुणाच्या बापाचं ऐकत नाही. असं बोलता बोलता ते स्वयंपाकघरात पाणी प्यायला गेले. मनकर्णाबाई ज्वारीच्या भाकरी करत होत्या. तव्यावरची भाकर आचेवर टाकली आणि ती टम्म फुगली. आप्पासाहेब पाण्याचा तांब्या हातात धरून तिथंच उभे.

"तनू! इकडं ये! सापडलं!"

व्याख्या त्यांनी रजिस्टरात लिहिली. एक पूर्ण वाढीची ज्वारीची भाकर, विस्तवाशिवाय, नुसत्या ओजावर, कडेपासून कडेपर्यंत फुगवायला जेवढं ओज लागतं, ते एक. नाव, फूग.

"फूग?" तनुजा किंचाळली. "आप्पा, कालजिव्ह काय म्हणणार? 'मूर्ख मानवांनो, माझ्याकडं चारशे फूग आहेत'?"

"म्हणू दे की. खोटं तर बोलत नाही ना."

आता माणसानं इथं थांबावं. व्याख्या झाली, नाव झालं. पण आप्पासाहेब थांबले तर ते आप्पासाहेब कसले! व्याख्या केली म्हणजे कॅलिब्रेशन आलं, माप प्रयोगानं ताडून बघणं आलं. त्यांनी माळ्यावरून विजेची शेगडी काढली, तिला स्वतःच्या खात्रीचं मीटर जोडलं, स्टॉपवॉच घेतलं, भाकरीची जाडी मोजायला कंपासपेटीतली पट्टी घेतली, आणि मनकर्णाबाईंना सांगितलं, तीस भाकरी लागतील. एकाच पिठाच्या, एकाच हाताच्या.

"ह्या मेल्या शेगडीवर भाकर फुगत नसती."

"का फुगत नाही तेच तर बघायचंय."

चार दिवस हे चाललं. पहिल्या दिवशी भाकरी फुगल्याच नाहीत. दुसऱ्या दिवशी अर्ध्या फुगल्या. तिसऱ्या दिवशी मनकर्णाबाईंचा पारा चढला, त्या रागारागानं थापायला लागल्या, आणि एकामागून एक भाकर अशी फुगली की आप्पासाहेबांना लिहायला वेळ पुरेना. मग त्यांच्या ध्यानात आलं की राग आला की थाप जोरात पडते, भाकर पातळ होते आणि लवकर फुगते. रजिस्टरात 'त्रुटीची कारणं' या सदराखाली त्यांनी नोंद केली, 'प्रयोगकर्तीचा राग, अधिक सात टक्के.' ती नोंद मनकर्णाबाईंनी वाचली. पाचव्या दिवशी घरात भाकरी झाल्या नाहीत, पाव आणावा लागला. शेजारीपाजारी मात्र ते चार दिवस खूश होते, रोज गरम भाकर घरपोच.

तनुजा सुरुवातीला हसत होती, मग चिडली, आणि मग एका सकाळी तिनं सहज म्हणून एक प्रकरण नव्यानं लिहून बघितलं. मृण्मयीकडं अकरा फूग आहेत. समोर कालजिव्ह उभा, चारशे फूग घेऊन. अकरातले तीन तिनं जखमी भावाला उभं करण्यात घालवले. उरले आठ. ते प्रकरण मनकर्णाबाईंना वाचून दाखवलं तर त्यांनी पदर तोंडाला लावला. "आठच राहिले व्हय गं! आता कसं करंल लेकरू?" तनुजानं बापाकडं बघितलं. बाप मुद्दाम खिडकीबाहेर बघत होता, पण कान इकडंच होते. पोरगी उठली आणि त्यांच्या गळ्यात पडली. आप्पासाहेब म्हणाले, "अगं, पेन गळंल, शाई लागंल." पण जागचे हलले नाहीत.

नऊ दिवसांत सगळी कादंबरी फुगांत बसली. तनुजाचं काम झालं होतं. आणि तिथंच घोळ झाला, कारण आप्पासाहेबांचं झालं नव्हतं.

एकदा मीटर बसलं की पुढची पायरी हिशोब जुळवण्याची. वर्षात विहिरीनं ओज दिलं किती, आणि मेघवनातल्या लोकांनी वापरलं किती? त्यांनी पुन्हा पहिल्या पानापासून सुरुवात केली. कोण कधी उडालं, कुणी काय पेटवलं, सगळं रकान्यात. तीन दिवस माणूस जेवायला उठेना. तिसऱ्या दिवशी त्यांनी बन्सीला बोलावणं धाडलं. बन्सी त्यांचा जुना लाईनमन, वीजचोरी पकडणाऱ्या भरारी पथकात दहा वर्षं काढलेला, खांबाकडं नुसतं बघून तारेवर टाकलेला चोरीचा आकडा कुणाचा ते सांगणारा गडी.

बन्सीनं चहाची बशी तोंडाला लावली आणि रजिस्टर वाचलं.

"साहेब, विहिरीतून निघालं छत्तीसशे. वापरलं तेहतीसशे चाळीस. दोनशे साठ कुठं गेलं?"

"वाटेतली गळती धर. चार टक्के."

"एकशे चव्वेचाळीस. मग बी एकशे सोळा राहातंय की." बन्सीचे डोळे चमकले. "कधीपासून गायब हाय?"

"एकोणिसावं ते एकविसावं प्रकरण. ऐन थंडीत."

"विहिरीची किल्ली कुणापाशी?"

आप्पासाहेबांनी पानावर बोट ठेवलं. बन्सीनं वाचलं आणि हळू आवाजात म्हणाला, "ओ साहेब, हा तर गुरुजीच निघाला की हो! गुरु ऋतंभर! चांगला माणूस वाटला होता ह्यो."

"मलाही वाटला होता," आप्पासाहेब खिन्नपणे म्हणाले.

तनुजा आली तेव्हा दोघंही सुतकात बसल्यासारखे बसले होते. आप्पासाहेबांनी तिला शांतपणे अहवाल वाचून दाखवला. निष्कर्ष, विहिरीचे राखणदार ऋतंभर यांनी हिवाळ्यात एकशे सोळा फूग ओज चोरलं, कारवाई करावी.

"काहीतरीच काय! मी आकडे अंदाजानं टाकलेत, आप्पा. एकशे सोळा इकडंतिकडं करून टाकते, संपलं."

"पुरावा मिटवणार तू?"

"अहो गोष्ट आहे ती!"

"मग गोष्टीत खरं बोल. ज्यानं चोरलं त्याचं नाव लिही."

तनुजाचा आवाज चढला. "नाही लिहिणार! ऋतंभर चोर असूच शकत नाही! तुम्हाला खरंच कळत नाही का तो कोण आहे? खिशाला शाईचं पेन, उठल्यापासून झोपेपर्यंत 'आधी शून्य बघ, आधी शून्य बघ', पेढ्याचा डबा परत पाठवणारा... तुम्हीच आहात ते! वर्षभर तुम्हाला समोर ठेवून लिहिला मी तो माणूस, आणि तुम्ही त्याला चोर ठरवताय!"

बन्सीनं बशी खाली ठेवली आणि चपला शोधायला लागला. असल्या वेळी लाईनमनला कळतं कुठं थांबायचं नाही ते.

आप्पासाहेबांना एकदम लाज वाटली, बरं वाटलं आणि भीतीही वाटली, हे सगळं एकाच वेळी. चारशे बारा पानं दोनदा वाचली, एकूण एक फूग टिपला, आणि त्यात स्वतःचं तोंड ओळखता आलं नाही. रजिस्टर मिटून ते गच्चीवर जाऊन बसले.

इकडं तनुजानं चिडून काय केलं? बापाच्या अहवालाचे फोटो काढले आणि सुलेखाताईंना पाठवून दिले. 'बघा, आमच्या घरी काय चाललंय.' अर्ध्या तासात फोन आला. सुलेखाताई हसत नव्हत्या. "तनुजा, हे रजिस्टर ज्यांनी लिहिलं त्यांना माझा नमस्कार सांग. तुझ्या पुस्तकात आजपर्यंत एकच गोष्ट कमी होती. सगळे चांगले शेवटपर्यंत चांगले होते. ऋतंभरनं चोरलं, बरोबर. पण का चोरलं? ते पटेल असं लिहून शनिवारपर्यंत दे. पटलं तर मी पुस्तक घेते."

बुधवार होता. गुरुवारी तनुजानं लिहिलं, ऋतंभरला लोभ सुटला. वाचलं आणि फाडलं. मग लिहिलं, कालजिव्हानं धमकावलं. तेही फाडलं. ज्या माणसाला ती तेवीस वर्षं बघत आली तो लोभानं हलला नसता आणि धमकीनं तर नाहीच. शुक्रवारी दुपारी ती गच्चीवर गेली. आप्पासाहेब वाळत घातलेल्या सांडग्यांवरची चादर नीट करत होते. मनकर्णाबाई पलीकडं सुपात मिरच्या निवडत होत्या.

"आप्पा, भांडायला नाही आले. एक सांगा. चौतीस वर्षांत तुम्ही इतके चोर बघितले. सगळं आयुष्य सरळ चाललेला माणूस आकडा टाकतो, असं असतं का कधी? आणि टाकला तर कशासाठी?"

आप्पासाहेबांनी चादरीवर एक वीट ठेवली. मग दुसरी ठेवली. मग विटेकडंच बघत बोलायला लागले.

"तू आठव्या महिन्यात झालीस. देवगावला. बाळंतपणासाठी शहरात आणायच्या आधीच. पावणेदोन किलो. काटा मी दोनदा बघितला. जानेवारीची थंडी, हातपाय निळे पडायचे तुझे. गावातले डॉक्टर म्हणाले, एवढ्या थंडीत दोन तास रस्त्यावर हलवू नका, आधी दोन दिवस ऊब द्या. विस्तव जवळ नको, धुरानं श्वास कोंडंल. दोनशेचा बल्ब लावा डोक्यावर. बल्ब होता. लाईट नव्हती. बारा बारा तास भारनियमन चालायचं तेव्हा. पण वाड्याच्या मागून पाणीपुरवठ्याच्या पंपाची विजेची लाईन जात होती, ती मात्र चालू."

तनुजा सांडग्यांच्या कडेला खाली बसली.

"टाकला आकडा. भर दुपारी साडेतीनला. मंडळाचा माणूस, लोकांच्या मीटरला सील ठोकणारा. सेहेचाळीस तास चालला बल्ब. नऊ पॉइंट दोन युनिट. कुठं दाखवलं नाही, कुणाला सांगितलं नाही. तू लाल व्हायला लागलीस तशी तुला शहरात आणली."

"तुम्ही चढलात आप्पा? खांबावर?"

"व्हय," आप्पासाहेब म्हणाले. "मीच टाकला. एकट्यानं."

पलीकडं मिरचीचं सूप खाली आपटलं.

"खोटं सांगू नका पोरीला!"

"अगं, तू गप बैस."

"कामून गप बसू? आकडा मी टाकला!" मनकर्णाबाई उठून आल्या. हात मिरचीनं माखलेले, त्यामुळं कंबरेवरसुद्धा ठेवता येईनात. "दोन दिवसांची ओली बाळंतीण मी, कानाला फडकं बांधलेलं. यांच्या हाताला असा कापरा भरलेला की वेळूचं टोक तारेला लागंना. खालून आपलं चालूच, 'नोकरी जाईल, माणूस मरतो असल्यात, रबरी चपला घाल, नको घालू, आत चल.' म्हणलं व्हा बाजूला! घेतली काठी आन् पहिल्या झटक्यात टाकला. हे तिथंच मटकन खाली बसले आन् रडाया लागले."

"रडत नव्हतो, घाम होता."

"जानेवारीत?"

तनुजा एकदा आईकडं आणि एकदा बापाकडं बघत राहिली. ज्या माणसानं मेहुण्याच्या हॉटेलात, उद्घाटनाच्या दिवशी, शे-दोनशे पाहुण्यांसमोर खरं सोडलं नाही, त्यानं आत्ता तिच्या डोळ्यांदेखत धडधडीत खोटं सांगितलं होतं. आणि पकडला गेला होता.

"का, आप्पा?"

आप्पासाहेबांनी चष्मा काढला. "पकडलं असतं तर अहवालात नाव माझं गेलं पाहिजे होतं. तिचं नाही. त्या दिवशीच ठरवलं होतं मी. ती तिकडं काठी वर करतीय आणि मी खाली नियम सांगतोय. तेवढं तरी मला करू द्यायचं होतं."

तेवीस वर्षांत हे मनकर्णाबाईंनाही पहिल्यांदाच कळत होतं. "येडे हायत का तुम्ही," एवढंच म्हणाल्या, आणि डोळे पुसायला हात वर नेला तो मिरचीचा. मग पुढची पंधरा मिनिटं गच्चीवर नुसती पळापळ. आप्पासाहेब दुधाची वाटी घेऊन धावतायत, तनुजा पाण्याची बादली घेऊन, आणि मनकर्णाबाई दोघांनाही शिव्या घालतायत.

त्याच दुपारी तनुजा लिहायला बसली ती शनिवारी सकाळी उठली. मेघवनाचा दरबार भरला आहे. राजा विचारतो, एकशे सोळा फूग कुठं गेले? ऋतंभर पुढं होऊन म्हणतो, मीच नेले. आणि मागून, जिला आजपर्यंत पुस्तकात जागाच नव्हती अशी एक बाई गर्दीतून वाट काढत येते आणि म्हणते, महाराज, हे खोटं बोलतायत. लेकरू गारठून चाललं होतं, झाकण मी उघडलं. हे प्रकरण तिनं घरी वाचून दाखवलं तेव्हा आप्पासाहेबांनी एकच दुरुस्ती सुचवली. दोघांनाही शिक्षा झाली पाहिजे. चोरी ती चोरीच. राजानं सोडून दिलं तर मेघवनात उद्या प्रत्येक खांबावर आकडा. तनुजानं शिक्षा घातली. राजाच्या डोळ्यांत पाणी मात्र तिनं स्वतःच्या मनानं घातलं, ते आप्पासाहेबांनी खोडलं नाही.

सुलेखाताईंचा फोन रविवारी आला. दसऱ्याला तीन दिवस होते. तनुजानं स्पीकर लावला.

"घेतलं पुस्तक," त्या म्हणाल्या. "मला रडवलंस तू. फक्त एक राहिलंय. त्या बाईला नाव नाही दिलंस. सगळीकडं नुसतं 'ऋतंभरची बायको'. एवढं केलंय तिनं, नाव पाहिजे. कळव मला."

तनुजानं आईकडं बघितलं. मनकर्णाबाई घाईघाईनं हात हलवायला लागल्या. "माझं नको बाई! देवगावात कळलं तर लोक काय म्हणतील? आन् चोरीचं परकरण! घाल कायतरी तुमच्या पुस्तकातलं. चंद्रमुखी घाल."

तनुजानं बापाकडं बघितलं. आप्पासाहेबांनी लग्नाला पस्तीस वर्षं होऊन बायकोला कधी नावानं हाक मारली नव्हती. तनू व्हायच्या आधी नुसतं 'अगं', आणि नंतर फार तर 'तनूची आई'.

ते खुर्चीतून उठले, फोनपाशी वाकले आणि लॅबमध्ये निकाल सांगायचे तशा खणखणीत आवाजात म्हणाले, "मॅडम, लिहून घ्या. मनकर्णा. म ला काही नाही, न, क, वर रफार घालून णा. नाव बरोबर छापा."

"अवो!" मनकर्णाबाई म्हणाल्या, आणि त्यांना खाली बसावं लागलं.